आठ वर्षांची मुलगी आईवर उलटते, अशी भयपट शॉर्टफिल्म सोलापुरात घरातच करायची आहे. मेकअप कसा करू? आणि असे सिनेमे इतके का घाबरवतात?

मेकअप करूच नका. डोळ्यांखाली काजळ, तोंडाला पांढरी पावडर, आवाजाला घुमारा, एवढं केलं की पोरगी पहिल्याच मिनिटाला भूत दिसते. भूत दिसल्यावर आई पळणार, त्यात कसली भीती? समोर आपलीच पोर दिसतेय म्हणून आईचा हात उठत नाही, भीती तिथं असते. 1968 च्या 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड'मध्ये मुलगी गवंड्याची थापी घेऊन आईवर येते आणि आई नुसती मागं सरकत जाते. सिनेमा कृष्णधवल, रक्त म्हणून चॉकलेट सिरप वापरलेलं, तरी तो प्रसंग आजही बघवत नाही. तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं माझ्याकडं एवढंच उत्तर आहे.

आता कामाचं. रक्ताऐवजी वेणी घ्या. आई पोरीची वेणी घालतेय, दोघींची तोंडं कॅमेऱ्याकडं. पोरीचा चेहरा आपल्याला दिसतो, आईला नाही. वेणी झाली की पोर म्हणते, "आई, बस खाली. आता मी घालते तुझी." आई फरशीवर बसते, पोर मागं उभी. कंगवा फिरतो, केस ओढले जातात, आई हसते, "हळू गं." पुन्हा ओढ. आई पुन्हा हसते, पण जरा उशिरा. तिसऱ्या ओढीला हसत नाही. बास. चाळीस-पन्नास सेकंद, मध्ये एकही कट नको. कट केला की प्रेक्षकाला श्वास घ्यायला जागा मिळते.

कॅमेरा जमिनीपासून अडीच फुटांवर, म्हणजे बसलेल्या आईच्या डोळ्यांच्या रेषेत ठेवा. उभ्या माणसाच्या उंचीवर ठेवला तर पोर लहानच दिसते आणि सगळा डाव जातो. कॅमेऱ्यात सेकंदाला 25 फ्रेम आणि शटरचा वेग 1/50 सेकंद ठेवा, नाहीतर आपल्या 50 हर्ट्झच्या विजेवर ट्यूबलाइट पडद्यावर फडफडते. स्वस्त एलईडी बल्ब तरीही फडफडतात, ते आधी मोबाईलमध्ये बघून बदला. पंखा बंदच लागतो, कारण केस उडतात आणि आवाजही येतो. मे महिन्यात आपल्याकडं पंख्याविना दोन टेकच्या वर कुणी टिकत नाही, म्हणून सकाळी सहा ते नऊमध्ये उरका. हमखास चुकतं ते एकच: आई पहिल्याच ओढीला घाबरते. तिला बजावून ठेवा, तिसऱ्या ओढीपर्यंत तिला काहीही कळलेलं नाही.

पार्श्वसंगीत नको. शहराच्या पूर्व भागात शूट करत असाल तर शेजारचा यंत्रमाग पुरे. धोट्याची खटखट सुरुवातीपासून चालू ठेवा आणि तिसऱ्या ओढीला माग बंद पडू द्या. हा आवाज वेगळा रेकॉर्ड करायचा: मागापासून दहा फूट लांब, सलग तीन मिनिटं. जवळ गेलात तर आवाज फाटतो. शूट करता त्या खोलीतली नुसती शांतताही एक मिनिट घ्या. माग थांबल्यावर खाली ती शांतता टाकली नाही, तर लोकांना स्पीकर गेला असं वाटतं.

रक्त हवंच असेल तर लिक्विड ग्लुकोज 200 ग्रॅम, पाणी दोन चमचे, खायचा लाल रंग, अर्धा चमचा कोको. गुलाबी मारलं तर हिरव्या रंगाचा एकच थेंब. उरलेलं झाकून ठेवा, मुंग्या दहा मिनिटांत येतात. सोलापुरी चादरीवर सांडणार असेल तर त्याच नक्षीची दुसरी चादर आणून ठेवा. सुती धाग्यात रंग शिरला की डाग निघत नाही, आणि रीटेक लागतोच.

शेवटी मांत्रिक आणू नका. 'द बॅड सीड' या नाटकात खुनी मुलगी जिवंत राहते, आई मरते. त्यावरच्या 1956 च्या सिनेमात तेव्हाच्या सेन्सॉर नियमांमुळे आई वाचवली आणि मुलीवर वीज पाडली. लोकांच्या अंगावर येतो तो नाटकाचाच शेवट.

हे खरं तर आधी सांगायला हवं होतं: बालकलाकार असेल तर बालकामगार कायद्याच्या 2017 च्या नियमांनुसार जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते, दिवसाला जास्तीत जास्त पाच तास काम, सलग तीन तासांच्या वर नाही, आणि तिच्या कमाईतले किमान 20 टक्के तिच्या नावानं मुदत ठेवीत. घरचीच पोर आहे म्हणून हे सोडू नका. तिला गोष्टही सांगू नका, वेणीचा खेळ आहे एवढंच सांगा. 'द शायनिंग'मधल्या पोराला आपण भयपटात काम करतोय हे कळूच दिलं नव्हतं.

भीती कशानं वाटते, यावरून एका कॅमेरावाल्याशी माझा जुना वाद आहे. त्याचं म्हणणं, "धाडकन आवाज नसेल तर पब्लिक घाबरत नाही बे." तुमचा एडिटरही हेच म्हणेल. त्याला दोन्ही करू द्या, एक धाडकनवालं आणि एक नुसता माग थांबणारं. गल्लीतल्या चार बायांना दाखवा, पण पडद्याकडं बघू नका, बायांकडं बघा. धाडकनला त्या दचकतील आणि लगेच हसतील. दुसऱ्यात कुणाचा हात आपसूक मानेवर, केसांकडं जातो का ते बघा. गेला तर मला इथं कळवा, त्या गड्याला दाखवायचंय.