वाचक विचारतात : केसपेपरवरचा लाल शेरा

प्रश्न : आमच्या संस्थेच्या संपर्कातील एका बाईंची पित्ताशयाची शस्त्रक्रिया ठरली होती. एचआयव्हीचा रिपोर्ट पाहून खासगी रुग्णालयाने केसपेपरवर लाल शाईने शेरा मारला आणि ‘दुसरीकडे न्या’ म्हणून सांगितलं. बातमी छापून आणावी का?

उत्तर : आधी बातमी नको. बाईंनी विश्वासाने सांगितलेली गोष्ट त्यांच्या लेखी संमतीशिवाय बाहेर गेली, तर त्यांच्या बाजूने असलेला कायदा तुम्हीच मोडाल. गावात एकदा नाव फुटलं की ते परत झाकता येत नाही.

हा एचआयव्ही-एड्स कायदा २०१७ चा असून तो १० सप्टेंबर २०१८ पासून लागू आहे. एचआयव्ही आहे म्हणून उपचार नाकारणं त्यात सरळ निषिद्ध आहे. नकार लेखी मागा. देत नसतील तर तारीख, वेळ, कोण काय बोललं, हे त्याच दिवशी लिहून काढा आणि केसपेपरची प्रत घ्या. वीस किंवा अधिक माणसं असलेल्या रुग्णालयात तक्रार अधिकारी नेमणं सक्तीचं आहे. त्याच्याकडे अर्ज देऊन सही-शिक्क्याची पोच घ्या. बहुतेक तक्रारी इथेच लटकतात, कारण पोच नसते. पुढची पायरी याच कायद्याखाली राज्याने नेमलेल्या लोकपालाची. त्यांनी तीस दिवसांत आदेश द्यायचा असतो, आणि तातडीच्या वैद्यकीय प्रसंगी शक्यतो चोवीस तासांत. आदेश पाळला नाही तर दहा हजारांपर्यंत दंड, शिवाय पुढच्या प्रत्येक दिवसाला पाच हजारांपर्यंत. नाव गुप्त ठेवण्याची मागणी अर्जातच करा. १०९७ या मोफत क्रमांकावर माहिती मिळते.

डॉक्टरांची भीतीही समजून घ्या. हातमोजे आणि सुयांची काळजी प्रत्येकच रुग्णासाठी घ्यायची असते, कारण तपासणी न झालेला रुग्णही बाधित असू शकतो. सुई टोचलीच तर प्रतिबंधक औषध लगेच, जास्तीत जास्त ७२ तासांच्या आत सुरू करून २८ दिवस घ्यायचं.

प्रश्न : भावजयीला एचआयव्ही आहे, म्हणून तिचं ताट घरात वेगळं ठेवतात. सासूबाईंना काय सांगू?

उत्तर : ताट, पेला, संडास, मिठी, डास यांतून लागण होत नाही. वस्तरा आणि सुई मात्र ज्याची त्याने वापरावी. भावजय एआरटीची, म्हणजे एचआयव्हीला आवर घालणाऱ्या औषधाची, गोळी रोज घेत असतील, तर सहा महिन्यांनी व्हायरल लोड, म्हणजे रक्तातलं विषाणूंचं प्रमाण, तपासून घ्या. तो सतत दर मिलिलिटरला २०० च्या खाली राहिला, तर लैंगिक संबंधातूनही लागण होत नाही. सासूबाईंना एआरटी केंद्रातल्या समुपदेशकाकडे घेऊन जा, पण भावजयींना विचारूनच. आणि त्यांना घराबाहेर काढता येत नाही, राहत्या घरातला त्यांचा हक्क याच कायद्याने राखला आहे.

प्रश्न : आपल्याकडे या कलंकाविरुद्ध आधी कोण उभं राहिलं?

उत्तर : गोव्याचे डॉमिनिक डिसोझा. १९८९ मध्ये त्यांना एचआयव्ही असल्याच्या कारणावरून गोव्याच्या सार्वजनिक आरोग्य कायद्याखाली ६४ दिवस डांबून ठेवलं होतं. त्यांच्या आई ल्युसी उच्च न्यायालयात गेल्या, पण न्यायालयाने तो कायदा उचलून धरला. तरी डॉमिनिक गप्प बसले नाहीत. १९९२ मध्ये, मृत्यूच्या आधी, त्यांनी ‘पॉझिटिव्ह पीपल’ ही संस्था सुरू केली.