सह्या कमी पडल्या, तरी चौकशी मागता येते

प्रश्न : ताई, आम्ही निफाड तालुक्यातले द्राक्ष बागायतदार. आईच्या नावावर गावातल्या पतसंस्थेत 4 लाख 20 हजारांची मुदत ठेव आहे. मुदत संपून 14 महिने झाले. मॅनेजर म्हणतात, वसुली आली की देऊ. चेअरमन फोन उचलत नाहीत. इकडे छाटणीचा खर्च तोंडावर आलाय. वार्षिक अहवालात मात्र 31 मार्चला रोख शिल्लक 18 लाख छापली आहे. सरकारी चौकशीला एक पंचमांश सभासदांच्या सह्या लागतात म्हणे. सभासद 2,300 आणि आमच्याकडे सह्या 41. आता काय करायचं?
— एक वाचक, निफाड तालुका

उत्तर : दादा, 41 सह्यांवर अर्ज द्या. थांबू नका.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 च्या कलम 83 प्रमाणे एक पंचमांश सभासदांनी, म्हणजे तुमच्याकडे 460 जणांनी मागणी केली तर निबंधकांना, म्हणजे सहकार खात्याच्या देखरेख अधिकाऱ्याला, चौकशी लावावी लागते. पण त्याच कलमात निबंधकांना स्वतःहून चौकशी लावण्याचाही अधिकार आहे, आणि लेखापरीक्षकाच्या विशेष अहवालावरूनही ती लागते. तुमचा अर्ज म्हणजे निबंधकांना तो अधिकार वापरायला दिलेलं कारण. त्यामुळे अर्जात सह्यांपेक्षा मजकूर भक्कम हवा. पुढे कधी 460 गोळा करायला निघालात, तर नाममात्र सभासदांच्या सह्यांवर विसंबू नका. ठेव ठेवताना पुष्कळांना नाममात्र सभासद करून घेतलेलं असतं आणि त्यांना मताचा हक्क नसतो. आईंकडे भाग दाखला (शेअर सर्टिफिकेट) आहे का, म्हणजे त्या नाममात्र सभासद तर नाहीत ना, ते आधी बघा.

अर्जात "भ्रष्टाचार झाला आहे" एवढंच लिहून चालत नाही. सहकार खात्यात लेखापरीक्षणाचं काम करताना असे अर्ज मी ढिगाने पाहिले. त्यावर संस्थेचा खुलासा मागवला जातो, खुलासा येतो आणि फाईल बंद होते. तुमच्या हातात मात्र नेमकी गोष्ट आहे : ती 18 लाखांची रोख शिल्लक. खिडकीवर पैसे नाहीत आणि ताळेबंदात 18 लाख, हे कसं? रोजकीर्दीत (रोजच्या जमा-खर्चाच्या वहीत) 31 मार्चला मोठी रक्कम जमा आणि एप्रिलच्या पहिल्या दोन-चार दिवसांत तेवढीच नावे पडलेली, म्हणजे बाहेर गेलेली, दिसली, तर शिल्लक कागदावरच होती असा संशय घ्यायला जागा आहे. तुम्हाला ती रोजकीर्द बघायला मिळणार नाही. कलम 32 प्रमाणे सभासदाला ताळेबंद, सभांची इतिवृत्तं आणि स्वतःच्या व्यवहारापुरत्या नोंदी पाहता येतात, फी भरून नकला घेता येतात. बाकीचं दप्तर चौकशी अधिकारीच उघडू शकतो. म्हणून अर्जात स्पष्ट लिहा : मार्च-एप्रिलची रोजकीर्द तपासावी, रोकड मोजावी आणि संचालकांच्या नातेवाइकांची कर्जं पाहावीत. कलम 89अ खाली निबंधक संस्थेच्या कामकाजाची तपासणी करू शकतात, तिचीही मागणी त्याच अर्जात करा.

अर्ज निफाडच्या सहायक निबंधकांकडे आणि एक प्रत नाशिकला जिल्हा उपनिबंधकांकडे. दोन्हीकडे आवकचा शिक्का मारून पोच घ्या. संस्था लेखापरीक्षण अहवाल देत नसेल तर तो निबंधक कार्यालयातून माहिती अधिकारात मागा. सहकारी संस्थेला माहिती अधिकार सरसकट लागू नसला, तरी निबंधकांना कायद्याने मिळवता येणारी माहिती त्यांच्याकडे मागता येते, असा सर्वोच्च न्यायालयाचा 2013 चा निकाल आहे. अहवाल हाती आला की दोष दुरुस्ती अहवालही मागा, म्हणजे लेखापरीक्षणात निघालेले दोष संस्थेने कसे दूर केले त्याचा अहवाल. बरेचदा दोष वर्षानुवर्षं तेच असतात.

आता मला सगळ्यात कळकळीने सांगायचंय ते. 83 ची चौकशी संस्थेच्या कारभाराची असते, तिच्यातून आईंचे पैसे थेट मिळत नाहीत. गैरव्यवहार दिसला तर पुढे कलम 88 खाली संचालकांवर जबाबदारी निश्चित होते, जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते, पण ती रक्कम संस्थेच्या खात्यात जमा होते. शिवाय 88 ला चौकशीच्या आदेशाआधीची पाचच वर्षं धरतात. अर्ज जितका लांबेल, तितके जुने व्यवहार त्यातून निसटतात.

म्हणून आईंच्या ठेवीसाठी नाशिकच्या जिल्हा ग्राहक आयोगात वेगळी तक्रार करा. तिची मुदत कारण घडल्यापासून दोन वर्षं. तुमचे 14 महिने गेलेत, म्हणजे दहाच उरलेत. चौकशीचा निकाल लागू दे मग बघू, असं म्हणत बसलात तर ही मुदत हातची जाईल, आणि पतसंस्थेच्या ठेवीला बँकेच्या ठेवीसारखं 5 लाखांचं विमा संरक्षणही नसतं. तक्रार आईंच्याच नावाने, त्यांच्या सहीने. ठेव परत मागितल्याचं लेखी पत्र संस्थेला याच आठवड्यात रजिस्टर्ड पोस्टाने पाठवा. मॅनेजर "पावती द्या, नूतनीकरण करून देतो" म्हणाले तर मूळ पावती हातची सोडू नका.