टेबल फोडणारे बाबा

"मॅडम, ती हिला आई म्हणतच नाही. किती दिवस वाट बघायची?" दुसरं लग्न केलेल्या वडिलांकडून हा प्रश्न मी समुपदेशनात इतक्यांदा ऐकलाय की एकदा सविस्तर लिहायचं ठरवलं. ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.

मुलगी नऊ वर्षांची. आई चार वर्षांपूर्वी गेली. नवी आई मायाळू. डबा, वेणी, अभ्यास सगळं मनापासून करणारी. पण मुलगी तिला हाकच मारत नसे. काही हवं असलं की जवळ जाऊन ओढणी ओढायची. शिवाय कार्टूनचा एकच भाग रोज लावायची, ही वडिलांची दुसरी तक्रार.

मूल एकट्याला दुरुस्त करायला मी कधीच घेत नाही, अख्खं घर समोर बसवते. आणि मूल जे पुन्हापुन्हा बघतं, ते स्वतः बघते. तसा हा भागही पाहिला.

तात्सुया एंदो यांच्या मांगावरून (जपानी चित्रकथेवरून) २०२२ मध्ये आलेली 'स्पाय एक्स फॅमिली' ही जपानी मालिका. गुप्तहेर बाप, मारेकरी आई, दोघांचं लग्न नावापुरतं आणि दत्तक घेतलेली आन्या. तिला सगळ्यांच्या मनातलं ऐकू येतं. चौथ्या भागात शाळेची मुलाखत आहे. वाटेत मोकाट सुटलेली गुरं, दोनदा बदललेले कपडे. हसून पुरेवाट होते. मग एक शिक्षक आन्याला विचारतो, आधीची आई चांगली की आताची? ती रडू लागते. बाप हात आपटतो, टेबल फुटतं. डास होता, म्हणतो.

"तुला काय आवडतं यातलं?" मी विचारलं. गुरांची गंमत सांगेल असं वाटलं होतं.

"टेबल फुटतं ते."

"का गं?"

"मग त्यांनी परत विचारलं नाही."

"तुला विचारतं का कुणी असं?"

बऱ्याच वेळानं म्हणाली, "सगळेच. आत्याआजी तर दर वेळी."

"आणि बाबा?"

"बाबा हसतात."

वडिलांचा चेहरा उतरला. "मोठी माणसं हो. गमतीत विचारतात."

माझ्यासाठी गाठ तिथे सुटली. या मुलीच्या लेखी 'आई' ही हाक म्हणजे त्या प्रश्नाचं उत्तर होतं. नवीला आई म्हटलं की पहिली हरली. म्हणून ती गप्प होती, आणि ज्याला आपण हट्ट म्हणत होतो ती तिची निष्ठा होती. मनातलं ऐकू यायला आन्याच असावं लागत नाही. बाबा अवघडून हसतात, हे घरातलं प्रत्येक मूल ओळखतं.

तेव्हा माझं सांगणं असं. हाकेसाठी मागे लागू नका, शब्द तिला निवडू द्या. पहिल्या आईचा फोटो भिंतीवरच असू द्या, आणि तिच्या आठवणी नव्या आईनंही विचाराव्यात. नातेवाइकांना मात्र वडिलांनीच थांबवायचं, मुलीच्या देखत, एका वाक्यात. नव्या आईवर ते काम टाकू नका. माणसं तुमची आहेत. कार्टूनही बंद करू नका, शेजारी बसून बघा.

पुढच्याच महिन्यात एका मुंजीत आत्याआजींनी पुन्हा विचारलं. वडील म्हणाले, "आत्या, हे तिला विचारायचं नाही." पंगतीत सगळे गप्प झाले.

घरी जाताना स्कूटरवर मागून तिनं वडिलांना विचारलं, "बाबा, तिथे डास होता?"