हंस मुका असतो का?

प्रश्न : इंग्लंडमध्ये तळ्याकाठी पांढरा हंस आमच्याकडे पाहून फुसफुसला. उडताना मात्र लयबद्ध घूंघूं आवाज आला. याला मुका हंस का म्हणतात?

उत्तर : नारिंगी चोच आणि तिच्या मुळाशी काळी गाठ असेल, तर तो मुका हंसच. नाव जरा फसवे आहे. तो फुसफुसतो, घुरघुरतो, फुरफुरतो. फक्त दूरवर जाणारी साद घालत नाही. तुम्ही ऐकलेले घूंघूं गळ्यातले नाही, पंखांचे आहे. उडताना थव्यातल्यांना एकमेकांचा माग त्यानेच लागत असावा.

आइसलँडहून हिवाळ्यात ब्रिटनला येणाऱ्या, पिवळ्या-काळ्या चोचीच्या हंसाचे उलट असते. त्याची श्वासनलिका छातीच्या हाडात शिरून वळसा घेते. या लांब नळीमुळे आवाज तुतारीसारखा खणखणीत निघतो. मुक्या हंसात हा वळसा नसतो. उडण्याआधी आइसलँडचे हे हंस डोकी वरखाली करत ओरडतात, म्हणजे कुटुंब एकदमच उठते. प्रतिस्पर्ध्याला पळवून लावल्यावर जोडी मिळून गजर करते, तो वेगळाच.

मुक्या हंसाची फुसफुस म्हणजे इशारा. सोबत पंख कमानीसारखे उचलून मान मागे घेतली, की घरटे किंवा पिल्ले जवळ आहेत असे धरून चाला. पाठ न दाखवता मागे सरका, कुत्र्याचा पट्टा आखडा आणि नर-मादी व पिल्लांच्या मध्ये उभे राहू नका. पाव टाकून त्याला शांत करायला जाल, तर तो आणखी जवळ येईल!