डीपी जळते ती चालू लोडाने की एकदम उठण्याने?

प्रश्न : आमच्या शिवारात (जि. यवतमाळ) 100 केव्हीएच्या डीपीवर (वीज पुरवणाऱ्या ट्रान्सफॉर्मरवर) 5 एचपीच्या 12 मोटारी आहेत. ऐन हरभऱ्याच्या ओलितात डीपी दोनदा जळाली. मोठी डीपी मिळाली तर प्रश्न सुटेल का?

उत्तर : आधी हिशोब मांडा. 5 एचपीची मोटार चालताना साधारण 8 अँपिअर घेते; बारांचे झाले 96. डीपीची क्षमता सुमारे 133 अँपिअर. म्हणजे चालू लोड तिला झेपतो. घोळ आहे लाइन येते त्या क्षणाचा. ऑटो-स्विचमुळे बाराही मोटारी एकदम उठतात आणि डीओएल स्टार्टरवर (मोटारीला थेट पूर्ण व्होल्टेज देणाऱ्या) प्रत्येक मोटार उठताना सहापटीच्या आसपास करंट ओढते. मागणी साडेपाचशेच्या वर गेली की व्होल्टेज कोसळते. ते 70 टक्क्यांवर आले तर मोटारीचा जोर निम्माच उरतो, कारण जोर व्होल्टेजच्या वर्गाने घटतो. मोटार नुसती घुमते, वेग घेत नाही आणि तोच वाढीव करंट ओढत राहते. इथे फ्यूज उडायला हवा. त्या जागी जाड तार गुंडाळली असेल तर डीपीचे वाइंडिंग (आतली तारेची गुंडाळी) जळते.

मजबुती वेगळी आणि सावरण्याची ताकद, म्हणजे रेझिलियन्स, वेगळी. मोठ्या डीपीने मजबुती वाढेल; पण लाइन गेल्यावर पुन्हा कसे उभे राहायचे हे ठरले नाही, तर चार मोटारी वाढताच पुन्हा तेच होईल. रात्रीच्या लाइनला साप-रानडुकरांच्या भीतीत स्टार्टरपर्यंत जावे लागू नये म्हणून ऑटो लावला जातो. ती गरज खरी आहे, म्हणून नुसते 'ऑटो काढा' म्हणणे आम्हाला पटत नाही. स्टार्टरमधल्या कॉन्टॅक्टरच्या (मोटारीला वीज जोडणाऱ्या स्विचच्या) कॉइलला ऑन-डिले टायमर, म्हणजे लाइन आल्यावर ठरलेला वेळ थांबून मोटार सुरू करणारा टायमर, लावून घ्या आणि सगळ्यांनी बसून क्रम ठरवा : पहिली मोटार लगेच, पुढची 15 सेकंदांनी, तिसरी 30 सेकंदांनी. बारावी पावणेतीन मिनिटांत सुरू होते. एकाने जरी टायमर टाळला, तरी त्याचा भार त्या वेळी उठणाऱ्या मोटारीवर पडतो.

प्रत्येक मोटारीला 2 केव्हीएआरचा (हे कपॅसिटरच्या क्षमतेचे माप) कपॅसिटर स्टार्टरच्या पुढे, मोटारीच्या बाजूला जोडा. चालू करंट कमी होईल. उठतानाच्या झटक्याला त्याचा फारसा उपयोग नाही. सिंगल फेज प्रिव्हेंटर, म्हणजे तीनपैकी एक फेज गेला की मोटार बंद करणारे उपकरण, मात्र हवाच : एक फेज गेला की उरलेल्या दोन फेजांत करंट पावणेदोन पटीच्या घरात जातो. ओव्हरलोड रिले (करंट जास्त झाला की मोटार बंद करणारा) मोटारीच्या पाटीवरच्या अँपिअरवर ठेवा, 'सारखा ट्रिप होतो' म्हणून वर चढवू नका. डीपीला ब्रीदर (आत जाणारी हवा कोरडी करणारी, सिलिका जेलची डबी) असेल तर खालूनच नजर टाका. निळे सिलिका जेल गुलाबी झाले की आत ओल शिरते आहे. लाइनमनला तेव्हाच सांगा, डीपीला स्वतः हात लावू नका.

प्रश्न : नळयोजनेला दोन पंप असूनही गाव आठ दिवस कोरडे राहिले. असे का?

उत्तर : दोन्ही पंप एकाच पॅनलवर आणि एकाच केबलवर असतील, तर पॅनल जळाल्यावर दोन्ही एकदमच बंद पडतात. स्टार्टर आणि केबल वेगळी करा. राखीव पंप आठवड्यातून एकदा 15 मिनिटे चालवा. वर्षभर पाण्यात पडून राहिलेला सबमर्सिबल नेमका गरजेच्या दिवशी जाम निघतो.