पेपर मे महिन्यात, सीटचं बुकिंग आत्ताच?

एका वाचकाचं पत्र थोडक्यात असं: ‘वय ५२, खासगी कंपनीत नोकरी, हातात ८५ हजार पडतात. पीएफ २८ लाख, एफडी १४ लाख. मुलीसाठी वर्षाला १ लाख हप्त्याचा चाइल्ड प्लॅन आहे, दोन वर्षांनी २२ लाख मिळतील. मुलगी बारावीला, येत्या मे महिन्यात नीट देईल. ओळखीतला एजंट खासगी मेडिकल कॉलेजची मॅनेजमेंट कोट्यातली सीट २० लाखांत आत्ताच धरून ठेवतो म्हणतो. ३ लाख रोख दिले आहेत. उरलेल्या १७ लाखांसाठी पीएफ काढू की घर तारण ठेवू? ८ लाखांत डेंटलची सीटही राखून ठेवायला तो तयार आहे.’

पीएफ नको, घरही नको. तुम्ही विकत घ्यायला निघालाय ती वस्तू दुकानातच नाही. मुलीने अजून पेपर दिलेला नाही. निकालाआधी कोणाच्या नावावर सीट धरून ठेवायचा अधिकार कॉलेजलाही नाही, मग एजंटला कुठून आला?

महाराष्ट्रात खासगी मेडिकल आणि डेंटल कॉलेजांतले प्रवेश सीईटी सेलच्या, म्हणजे राज्य सरकारच्या प्रवेश परीक्षा कक्षाच्या, फेऱ्यांतून होतात. तुम्ही मॅनेजमेंट कोटा म्हणता त्या १५ टक्के संस्थास्तरीय जागाही नीटच्या गुणवत्तेनेच भरायच्या असतात. झालेले प्रवेश नियमात बसतात का, हे प्रवेश नियामक प्राधिकरण तपासतं. नाही बसले तर मुलीचं वर्ष जातं आणि एजंटचा नंबर तोवर बंद झालेला असतो. हे प्राधिकरण २०१५ च्या कायद्याने आलं. कॅपिटेशन फीवर, म्हणजे ठरलेल्या फीच्या वर प्रवेशासाठी घेतलेल्या पैशांवर, राज्यात बंदी तर १९८७ पासून आहे. ‘अहो, सेटिंग होतं,’ असं मला दर वर्षी कोणीतरी ठामपणे सांगतं. असेलही. पण ज्याची पावती मिळत नाही त्यात पीएफ घालायचा नसतो. ते १७ लाख तिथेच राहिले तर सध्याच्या सव्वाआठ टक्क्यांनी तुमच्या निवृत्तीपर्यंत, म्हणजे सहा वर्षांत, २७ लाख होतील.

आणि डेंटलची सीट राखून ठेवायला ८ लाख? २०२१ मध्ये देशात डेंटलच्या सुमारे ७ हजार जागा रिकाम्या होत्या, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने पात्रतेचं पर्सेंटाइल १० ने खाली आणायला लावलं. एसटी रिकामी असताना रुमाल टाकायचे पैसे कोणी देतं का?

आता जे तुम्ही विचारलंच नाही, ते. पत्रात २० लाख आहेत, ८ लाख आहेत, पण कॉलेजची वर्षाची फी किती, हा आकडा कुठेच नाही. शुल्क नियामक प्राधिकरण कॉलेजवार फी ठरवून जाहीर करतं, घरबसल्या बघता येते. समजा ती ९ लाख आहे. साडेचार वर्षांचे ४० लाख. होस्टेल, मेस, पुस्तकं वर्षाला दीड लाख धरा. इंटर्नशिपसकट साडेपाच वर्षांचे ८ लाख. किरकोळ वाढ धरून ५० लाख. संस्थास्तरीय जागेची फी याच्या तिप्पट धरली तर सव्वा कोटीच्या पुढे. एजंटचे २० लाख यात कुठेच नाहीत, ते वरचे. म्हणजे सीट खरंच मिळाली असती तरी दुसऱ्या वर्षाच्या फीलाच तुमची गाडी अडली असती.

चाइल्ड प्लॅनबद्दल काय बोलू? १५ वर्षांत १५ लाख भरायचे आणि २२ घ्यायचे, म्हणजे परतावा पाच टक्क्यांच्याही आत. ‘शिक्षणाची चिंता मिटली’ असं सांगून हे गळ्यात मारणाऱ्याने फीची वाढ कधी पाहिलेली दिसत नाही. पण दोनच हप्ते उरलेत, आता मोडू नका.

नेहमीच्या कोट्यातून नंबर लागला तर जमतं. एफडीतले ३ लाख अडीअडचणीला ठेवून ११ वापरा, पॉलिसीचे २२ येतील. उरतात १७, म्हणजे एजंटला द्यायला निघालात तेवढेच. त्यासाठी शैक्षणिक कर्ज घ्या, तेही सीट अलॉट झाल्याचं पत्र हातात आल्यावर. साडेसात लाखांच्या वर बँक बहुधा तारण मागेल, तेव्हा घराचा विचार करू. व्याज दहा टक्के धरलं तर पूर्ण उचल झाल्यावर महिन्याला १४ हजार. ते शिक्षण चालू असतानाच पगारातून भरत जा. व्याजाची करवजावट फक्त जुन्या करप्रणालीत मिळते. फक्त संस्थास्तरीय जागा हाती आली, तर तुमच्या पगारावर ती झेपणार नाही. हे मुलीला निकालाआधीच सांगा.

ते ३ लाख परत मागा. फोनवर नको, व्हॉट्सअॅपवर लिहून मागा, आणि बँक खात्यातच घ्या. दोन लाख किंवा त्याहून जास्त रोख घेणाऱ्याला प्राप्तिकर कायद्यात तेवढाच दंड आहे, हेही त्याच मेसेजमध्ये लिहा. आठवड्याभरात उत्तर आलं नाही तर मेसेजचे स्क्रीनशॉट घेऊन पोलीस ठाण्यात जा.