इनडोअर आइस हॉकीचा पहिला सामना जिथे झाला, ते रिंक आज कुठे आहे?

नाही उरलेलं. कॅनडातल्या माँट्रियलचं व्हिक्टोरिया स्केटिंग रिंक 1925 पर्यंत चाललं, मग त्या जागी गाड्यांचं गॅरेज झालं. जागा ड्रमंड आणि स्टॅनली रस्त्यांच्या मधली.

1862 च्या डिसेंबरात ते उघडलं, तेव्हा उद्देश निव्वळ स्केटिंगचा होता. वर लाकडी कमानींचं छप्पर. हॉकी आली 3 मार्च 1875 ला, जेम्स क्राइटन यांच्या पुढाकाराने. दोन्हीकडे नऊ-नऊ खेळाडू. अडचण अशी की बर्फाभोवती आजच्यासारखे उंच कठडे नव्हते, फक्त फूटभर उंच चौथरा, आणि त्यावरच प्रेक्षक. चेंडू उसळून थेट तोंडावर बसला असता. म्हणून लाकडाची चपटी गोल चकती वापरली. ती उसळत नाही, घसरते. पुढे तिचाच रबरी पक झाला.

बर्फ साधारण 200 बाय 80 फूट. एनएचएल या उत्तर अमेरिकेतल्या व्यावसायिक हॉकी लीगचं आजचं मैदान 200 बाय 85, म्हणजे माप बहुधा इथूनच रूढ झालं. स्टॅनले कप या आइस हॉकीतल्या मानाच्या करंडकाचे पहिले प्लेऑफ (विजेता ठरवणारे) सामनेही इथलेच, 1894 चे. इतकं असून इमारत कोणी राखली नाही, हे मात्र खटकतं.